एका फ्रेमपुरती

१

मी मळ काढायचं काम करते. कपड्यांचा नव्हे, सिनेमांचा.

हे सांगितलं की लोक एक तर हसतात, नाहीतर "हो का" म्हणून विषय बदलतात. पण काम खरंच तेवढंच आहे. जुन्या सिनेमाची रीळं कुठेतरी मशीनवर चढवून त्यातलं एकेक चित्र कॉम्प्युटरवर घेतात. त्या एका चित्राला म्हणायचं फ्रेम. फ्रेमवर वर्षानुवर्षांची धूळ, बुरशी, ओरखडे, कुणाच्या तरी घामट बोटांचे ठसे असतात. माझ्या दिरांचा मुलगा ऋत्विक मुंबईला अशाच एका कंपनीत आहे. तो मला शॉट पाठवतो, मी रत्नागिरीत बसून ते साफ करते आणि परत पाठवते.

मला यात नवीन काही नाही. आमचा गाडीतळाजवळ फोटो स्टुडिओ होता. हे फोटो काढायचे आणि मी निगेटिव्हवर बारीक ब्रश फिरवायची. आसपासच्या निम्म्या नवरदेवांच्या तोंडावरचे मुरूम मी घालवलेत, आणि त्यातल्या एकानेही कधी ओळख दाखवली नाही.

मळ ओळखायचा नियम सोपा आहे. माणूस, भिंत, खुर्ची या गोष्टी आधीच्या फ्रेममध्ये असतात आणि नंतरच्याही. धुळीचा कण मात्र एकाच फ्रेमवर बसलेला असतो. तेव्हा जे एकाच फ्रेममध्ये दिसतं, पुढेमागे कुठे नसतं, ते मळ. त्याच्याभोवती पेनाने गोल काढला की प्रोग्रॅम ते उचलतो आणि शेजारच्या फ्रेमांमधलं घेऊन ती जागा भरून टाकतो. तिथे काही होतं हे नंतर मलासुद्धा सांगता येत नाही.

हे गेल्यापासून स्टुडिओ बंद आहे. खालचा गाळा मोबाईलवाल्याला दिलाय, वर मी एकटी. पुढच्या खोलीत माझं टेबल, आणि माझ्या पाठीमागे आतल्या खोलीचं दार. त्या खोलीत स्टुडिओचं सामान भरलेलं आहे. दिवसभर मी कुणाला दिसत नाही आणि मला कुणी दिसत नाही. रविवारी दुपारी डब्लिनहून मृणालीचा, माझ्या मुलीचा, व्हिडिओ कॉल येतो. आमच्या घरात नेटवर्क नावाला आहे, आवाज अर्ध्या वेळा जातो. मग ती म्हणते, "असू दे आई, दिसतेयस ना, पुरे." आणि आम्ही दोघी एकमेकींना हात करत बसतो. हे गेल्यावर ती दिवसांना आली, त्यानंतर नाही. "या वर्षी बघते" म्हणते. मी आग्रह करत नाही, पण आठवडाभर त्या एका वाक्याची वाट बघते, हे खोटं कशाला बोलू.

२

शिमग्याच्या आधी ऋत्विकने एक ग्रीक मूकपट पाठवला. डबा अथेन्सहून आलेला. कुणीतरी तळघरात विसरला होता आणि उंदरांनी सोडला म्हणून वाचला, असं तो म्हणाला.

"गोष्ट काय आहे रे?" मी विचारलं.

"पहिलं आणि शेवटचं रीळ नाहीच आहे, काकी. मधलं जे उरलंय त्यात हिरोइन रडते आणि बेशुद्ध पडते."

ते खरं होतं. नायिका टपोऱ्या डोळ्यांची, दागिन्यांनी मढलेली. फ्रेमच्या मधोमध उभी राहून ती रडे, कपाळाला हात लावी आणि सोफ्यावर कोसळे. माझं लक्ष मात्र तिच्या मागे गेलं. मागे एक खिडकी होती आणि खिडकीशी दुसरी एक बाई. बहुतेक मोलकरणीचं काम असावं. कानापर्यंत कापलेले केस, पांढरी कॉलर, मनगटाशी पांढरी पट्टी. सगळ्या सिनेमात तिला एकच गोष्ट करायची होती. खिडकीबाहेर बघायचं आणि हात करायचा. बाहेर कोण आहे ते दाखवलेलं नाही. उन्हाने खिडकी नुसती पांढरीफटक आलीय.

"ही कोण?"

"तेच तर तिथल्या लोकांनाही माहीत नाही. हिरोइनबद्दल सगळं सापडतं. हिचं नाव तेव्हाच्या जाहिरातीतसुद्धा नाही, दुसऱ्या कुठल्या सिनेमात ही दिसलेली नाही. जी काय आहे ती एवढीच. म्हणून जरा जपून करा."

मी जपूनच केलं. नायिकेच्या अंगावरची धूळ यांत्रिकपणे झटकायची आणि खिडकीतल्या बाईपाशी आले की वेळ लावायची. तिच्या गालावरची बुरशी काढताना मी तिच्याशी बोलायलाही लागले. "काय बाई, आलं का तुझं माणूस?" ती हात करायची. एवढ्या वेळा, एवढा मनापासून हात करते आणि समोरून कुणी उत्तर दिलेलं दिसत नाही. मला ती फार आवडली.

३

शिमग्याला आमची आळी रिकामी होते. ज्याची त्याची पालखी ज्याच्या त्याच्या गावात. मोबाईलवालाही शटर ओढून देवरुखकडे गेला. दुपारी एवढी शांतता की पंख्याची कुरकुर आणि माझ्या पेनाची खरखर सोडून घरात आवाज नव्हता. वारा फिरला की मिरकरवाड्याचा सुक्या मासळीचा वास यायचा, तेवढीच काय ती सोबत.

त्या दुपारी नेहमीचा शॉट चालू होता. ती खिडकीकडे बघतेय, बघतेय, बघतेय. आणि मग एका फ्रेममध्ये ती माझ्याकडे बघत होती.

मी पेन खाली ठेवलं. मागची फ्रेम पाहिली, ती खिडकीकडे बघतेय. पुढची फ्रेम पाहिली, तिथेही खिडकीकडेच. मधल्या एका फ्रेममध्ये मात्र तोंड पूर्ण वळलेलं आणि डोळे सरळ माझ्या डोळ्यांत. एक फ्रेम म्हणजे सेकंदाचा बारीकसा तुकडा, तेवढ्यात माणसाची पापणी धड लवत नाही, मान कुठून वळणार आणि परत जाणार?

मी चाळीस वर्षं फोटोत घालवलीत, मला भुतं दाखवू नका. एकाच निगेटिव्हवर दोन फोटो पडलेले मी पाहिलेत. एकदा एका मुंजीत आमच्या चुकीने बटूच्या मांडीवर दुसऱ्याच लग्नातली विहीण बसली होती. रीळ तुटलं असेल, तिथे दुसऱ्या टेकमधला तुकडा चिकटवला असेल, असं मी स्वतःला सांगितलं.

नियम सोपा होता. त्या तोंडाभोवती गोल काढला आणि जागा भरली. ती पुन्हा खिडकीकडे बघू लागली. मला उगाचच वाईट वाटलं.

४

दुसऱ्या दिवशी वेगळा शॉट होता, पण पुन्हा एकच फ्रेम तशी. या वेळी ती खिडकीशी नव्हतीच. ती एका गोल स्टुलावर बसली होती आणि मागे रंगवलेला पडदा होता. पडद्यावर तळं, डोंगर, आणि तळ्यात एक राजहंस.

असे पडदे जगभरच्या स्टुडिओंत असतात. आमच्याकडेही होता. काश्मीरचा पडदा म्हणायचो आम्ही, जरी रंगवणारा पेंटर कधी घाटसुद्धा चढला नव्हता. त्याच्या हातून राजहंसाची मान जास्त लांब झाली होती आणि गिऱ्हाइकं तिला साप म्हणायची.

स्क्रीनवरच्या राजहंसाची मान लांब होती.

मी चित्र मोठं केलं. उजव्या कोपऱ्यात, खाली, एक चौकोनी ठिगळ होतं. मृणाली लहान असताना तिने पडद्याला कात्री लावली होती आणि मी ते घाईघाईत शिवलं होतं. एका बाजूचे टाके तिरके गेलेले. ह्यांनी वर्षभर मला त्यावरून चिडवलं होतं. माझे टाके मी ओळखते.

उठून मी आतल्या खोलीत गेले. स्टूल कोपऱ्यात होतं, त्यावर फोटोंच्या रिकाम्या चौकटींचा ढीग. काश्मीरचा पडदा बांबूला गुंडाळून, नाड्यांनी बांधून आढ्याखाली टांगलेला होता. हे गेल्यापासून तो कुणी सोडलेला नाही. मी हात लावून पाहिला, बोटाला धुळीचा थर आला.

परत येऊन ऋत्विकला फोन केला आणि फ्रेमचा नंबर देऊन मूळ चित्र बघायला सांगितलं. तो थोड्या वेळाने म्हणाला, "काकी, साधीच फ्रेम आहे. मधे एक ओरखडा आहे बस."

"पडदा नाही?"

"कसला पडदा? ती खिडकीशी उभी आहे." मग मऊ आवाजात, "काकी, चार दिवस इकडे या ना. सारखं एकटं स्क्रीनला डोळे लावून बसणं बरं नाही."

म्हणजे म्हातारीला भास होतायत. मीही तेच ठरवलं. डोळ्यांत थेंब घातले, फ्रेम पुसली, आतल्या खोलीला बाहेरून कडी लावली. कडी कशासाठी लावली, ते मात्र स्वतःला विचारलं नाही.

५

रझिया मिरकरवाड्याहून मासळी घेऊन येते. एरवी खालून हाक मारते, मी खिडकीतून सांगते काय हवं ते, मग ती वर येते किंवा पुढे जाते. त्या दिवशी हाक न मारताच तिने वर येऊन दार वाजवलं.

"काय गं, आज डायरेक्ट वर?"

"तुमीच तर बोलवलाव." तिने टोपली उतरवली. "बांगडे हायत, फडफडीत. सौंदाळे पण हायत थोडे."

"मी कधी बोलावलं?"

"खिडकीतून हात केलाव नाय काय? मी म्हटलं, वैनी आज खूश दिसतायत. कवाधरनं हात करत व्हताव."

मी टेबलावरून उठले नव्हते. आणि माझ्या टेबलाशी खिडकी नाही.

"कुठल्या खिडकीतून?"

तिने पदराने तोंड पुसत मानेने दाखवलं. आतल्या खोलीची.

"पडदा हलला असेल," मी म्हटलं.

"असंल." रझियाने माझ्याकडे नीट पाहिलं. "वैनी, जेवताव ना वेळेवर? लेकीला बोलवा आता. ह्या वयात एकटं ऱ्हायचं नाय. माझा हमझा कुवेतला हाय, पण सून घरात हाय म्हणून माझा जीव टिकून हाय."

"येईल ती. या वर्षी येईल."

मला तिला थांबवून घ्यायचं होतं. चहा करते म्हटलं, पण बांगडे उन्हात राहायचे नाहीत म्हणून ती गेली. तिची चप्पल जिन्यावरून उतरताना ऐकू आली, मग फाटकाचा आवाज, मग काही नाही. आतल्या खोलीची कडी लावलेलीच होती. त्या खिडकीला पडदा मी कधी लावलेलाच नाही, हे मला नंतर आठवलं.

६

रविवार आला. मृणालीचा कॉल यायला अवकाश होता आणि शेवटचा शॉट उरला होता. तो पूर्ण केला की सिनेमा हातावेगळा. मी ठरवून टाकलं होतं की पाठवायचा आणि पुन्हा नाव काढायचं नाही.

हा शॉट जवळून घेतलेला होता. नायिका नाही. खिडकी, आणि खिडकीसमोर ती, पाठमोरी. उजवा हात वर. बोटं जराशी वाकलेली. ती हात करतेय आणि खिडकी नेहमीसारखी पांढरी. फ्रेममागून फ्रेम तेच. मी भराभर पुढे जात होते.

मग एका फ्रेममध्ये खिडकी पांढरी नव्हती.

खिडकीच्या चौकटीत एक खोली दिसत होती. खोलीत टेबल, टेबलावर उजळलेला स्क्रीन, आणि स्क्रीनसमोर एक बाई पाठ करून बसलेली. पिकलेल्या केसांचा सैल अंबाडा, त्यात तिरका खोचलेला प्लॅस्टिकचा चाप. मानेवरून चष्म्याची दोरी लोंबतेय. मी हळूच हात मागे नेऊन माझा चाप चाचपला. तो तिरका होता.

ती त्या बाईला हात करत होती.

माझ्या मागे, जिथे आतल्या खोलीचं दार आहे तिथे, काहीही आवाज नव्हता. आवाज झाला असता तर बरं झालं असतं. वळून बघायला काय लागतं? मान वळवायची, बस. मी लहान मूल नाही. दार बंद आहे, कडी मी लावलीय, हे सगळं मला ठाऊक होतं. पण मानेचे स्नायू माझं ऐकेनात. मी फार घाबरले होते. आणि त्या भीतीच्या तळाशी अशी एक लाज होती की, ही किती दिवस हात करतेय आणि आपण एकदाही वळलो नाही.

वळायच्या ऐवजी मी पेन उचललं. ही फ्रेम नको, ही बाई नको, एवढंच डोक्यात होतं. अख्ख्या फ्रेमभोवती गोल काढला आणि भरून टाकली. प्रोग्रॅम क्षणभर फिरला.

फ्रेम साफ झाली. खिडकी पांढरीफटक. आणि तिच्यासमोर ती, हात वर केलेला, तशीच. ती कुठेही गेली नव्हती.

कशी जाईल? ती आधीच्या फ्रेममध्ये होती, नंतरच्याही. तिला प्रोग्रॅम हात लावणार नव्हता. इतकी वर्षं हे काम करून मला हे कळू नये! त्या चित्रात एकाच फ्रेमपुरतं दुसरंच कुणीतरी होतं, टेबलाशी पाठ करून बसलेलं.

मी मागे घ्यायचं बटण दाबलं, पुन्हा पुन्हा दाबलं. खिडकी पांढरीच राहिली. माझ्या पाठीमागे कडी निघाल्याचा बारीकसा आवाज झाला.

७

तेवढ्यात मृणालीचा कॉल आला. मला रडूच फुटलं. मी घाईघाईने तो उचलला.

स्क्रीनभर तिचा चेहरा आला, केस ओले, हातात कॉफीचा मग. कोपऱ्यात छोट्या चौकोनात आपण स्वतः दिसतो ना, तिथे माझी खुर्ची दिसत होती. खुर्चीची पाठ, तिच्यावर टाकलेला टॉवेल. त्यामागे आतल्या खोलीचं दार, सताड उघडं. दारातून काश्मीरचा पडदा दिसत होता, खालपर्यंत सोडलेला.

"आई? कुठेयस? नुसती खुर्ची दिसतेय."

"अगं, ही काय मी! समोरच तर आहे."

"आवाजही येत नाहीये. आई, कॅमेऱ्यासमोर ये ना."

मी समोरच होते. कॅमेऱ्याला नाक लागेल एवढी पुढे झाले. दोन्ही हात हलवले. चौकोनात टॉवेलसुद्धा हलला नाही.

"मृणाली!" मी ओरडले.

ती भुवया आक्रसून बघत होती. मग तिचा चेहरा एकदम उजळला. इतकी खूश मी तिला हे असतानाच पाहिली होती, त्यानंतर नाही.

"हां, दिसलीस! अय्या आई, केस कापलेस?"

मी खुर्चीतून हलले नव्हते.

"किती छान दिसतायत! आणि ही कॉलर कुठून आणलीस? अगं, किती फ्रेश वाटतेयस. मला वाटायचं तू तिथे नुसती कोमेजून चाललीयस." ती हसत हसत हात करायला लागली. तिची नजर माझ्यावरून मागे गेलेली होती.

चौकोनाकडे बघायचं नाही असं मी ठरवलं होतं, पण डोळे गेलेच. खुर्चीच्या मागे, पडद्यासमोर, एक वर केलेला हात होता. मनगटाशी पांढरी पट्टी. त्याच्यावरचं मी पाहिलं नाही.

"आवाज नाही येत, असू दे," मृणाली म्हणाली. "दिसतेयस ना, पुरे." मग तिने मग खाली ठेवला आणि डोळे पुसले. "आई, तुला अशी बघून इतकं बरं वाटलं ना... मी येते. या वर्षी नक्की. मे महिन्यात रजा टाकते, आजच तिकीट बघते. ऐकतेयस ना? मी येतेय तुझ्याकडे."

किती दिवस मी या वाक्याची वाट पाहत होते.

"ये," मी म्हटलं. "ये गं बाळा." मोठ्याने म्हटलं, घर दणाणेल एवढ्या मोठ्याने.

मृणाली हात करत होती. माझ्या मागेही कुणीतरी करत होतं. मग मीसुद्धा उजवा हात वर केला, बोटं जराशी वाकवली आणि हलवायला लागले. तिने एकदा तरी नजर खाली आणावी, इथे, खुर्चीत बघावं. स्क्रीन काळा झाला तरी मी हात करतच होते.